डाव्या गालाचा शिक्का

ताईच्या हातची थोबाडीत खाल्ली की माणूस जिवंत घरी येतो, असं भोवरा पथकात सगळे म्हणायचे. थोबाडीत खाऊन कुणाचं भलं झालंय का कधी, असं तुम्ही विचाराल. विचारा. ते लोक हसतील आणि डावा गाल पुढे करतील. एकेकाचा डावा गाल उजव्यापेक्षा जाड, जबडा जागा सोडून बसलेला. मुकादमाच्या तर त्या बाजूच्या दाढाच शिल्लक नव्हत्या. त्या ताईच्या कृपेने गेल्या होत्या आणि मुकादम त्याबद्दल तिचे उपकार मानायचा.

ताई काही पैलवान नव्हती. बुटकी, रुंद, केस घट्ट बांधलेले, बोलणं तोडून टाकल्यासारखं. आधी खाणीत खडी फोडायची, तिथे हाताला जे वळण लागलं ते लागलंच. नवरा शिंपी, सुईत दोरा ओवताना जीभ बाहेर काढणारा सालस माणूस. तिने लाडाने पाठीवर थाप मारली तरी त्याच्या हातातली कात्री खाली पडायची. "मी बायको केली की घण विकत घेतला, अजून कळलेलं नाही," असं तो गिऱ्हाइकांना सांगायचा, अर्थात ती दुकानात नसताना.

त्यांना मूलबाळ नव्हतं. होता तो ताईचा भाऊ, बारक्या. नाव बारक्या, पण दारातून आत येताना खांदे तिरके करावे लागायचे. आई गेली तेव्हा तो खरंच बारका होता. बाप असून नसल्यासारखा. तेव्हा ताईनेच त्याला वाढवला, आणि वाढवला म्हणजे बडवून वाढवला. खोटं बोलला, मार. भिंतीवरून उडी मारली, मार. ताप असून पाण्यात खेळला, आधी मार आणि मग रात्रभर कपाळावर ओली पट्टी. पोरगंही असं चिवट, की गालावर पाचही बोटं उठलेली, डोळे डबडबलेले, तरी मान ताठ करून म्हणायचं, "नाही लागलं." त्यावरून आणखी एक बसायची. पुन्हा तेच, "नाही लागलं." शेवटी ताईच दमायची आणि त्याला जवळ ओढून बसायची.

आता हा भोवरा म्हणजे काय ते सांगायला हवं, नाहीतर पुढचं काही कळायचं नाही. सरकारदरबारी त्याला लांबलचक नाव होतं, लोक भोवरा म्हणायचे. होतं काय, की चांगल्या चालत्या खोलीत एखादी वस्तू एकाची दोन होते. टेबलावर एक कप असतो, बघता बघता दोन. दुसरा काही नवा नसतो. तोच कप, पण सकाळचा, चहाने भरलेला. मागची वेळ उठून आताच्या वेळेच्या उरावर बसते. एकच वस्तू एका ठिकाणी दोनदा नांदू शकत नाही, म्हणून मग हवा गरगरायला लागते, खुर्च्या दोन होतात, दारं दोन होतात, भिंती एकमेकींत घुसतात आणि मध्ये जो सापडेल त्याचा चेंदामेंदा. वेळेवर आवरलं नाही तर अख्खी गल्ली जाते. एकदा अशी एक गेलीही होती, दुकानांसकट आणि दुकानात बसलेल्या माणसांसकट.

यावर उपाय एकच, फोडणं. एकाने घण घेऊन आत जायचं. जी वस्तू सगळ्यात आधी दोन झाली, तिची मागची जोड शोधून फोडायची, म्हणजे भोवऱ्याचा जोर ओसरतो. मग पळत बाहेर यायचं. पण जो आत जातो त्याचीही भोवरा जोड काढतो. काही तासांपूर्वीचा तोच माणूस, आहे तसा उचलून आणतो. पथकात त्याला 'मागचा' म्हणायचे. हा मागचा भूत नव्हे की राक्षस नव्हे. त्याला वाटतं मीच खरा, आणि त्यात बिचाऱ्याचं चुकतं काय? सकाळी तोच तर होता. तो जिवाच्या आकांताने भांडतो आणि दाराकडे पळतो. दोघंही बाहेर पडले तर भोवराही त्यांच्यासोबत बाहेर पडतो. म्हणून उंबरठ्यावर दुसरा एक जण घण घेऊन उभा असतो. त्याने मागच्याला तिथेच पाडायचं. मागचा पडला की भोवरा मिटतो. चुकून खरा पाडला तरी भोवरा मिटतो, पण मिटताना मागच्यालाही घेऊन जातो. मग हाती कुणीच राहत नाही.

तर ओळखायचं कसं? प्रश्न विचारून उपयोग नव्हता, कारण आत दोघांचं मन मिसळतं. एकाला जे आठवतं ते दुसऱ्यालाही आठवतं. कपडे झटापटीत फाटतात, अदलाबदल होतात. शाईचा ठप्पा मारून पाहिला, तर तो मारामारीत याच्या गालावरून त्याच्या गालावर उतरला. त्या दिवशी पथकाने आपलाच एक माणूस पाडला. मन मिसळतं, कातडी मिसळत नाही, हे तेव्हापासून सगळ्यांच्या डोक्यात बसलं. म्हणून नियम झाला. आत पाऊल टाकायच्या क्षणी दारावरच्याने आत जाणाऱ्याच्या डाव्या गालावर अशी एक ठेवून द्यायची, की गाल सुजलाच पाहिजे. हा शिक्का. तो मागच्याच्या गालावर असूच शकत नाही. बाहेर येताना ज्याचा डावा गाल सुजलेला तो आपला, ज्याचा नाही त्याच्यावर घण. दोघांतला फरक कळलाच नाही तर दोघांनाही पाडायचं आणि गल्ली वाचवायची, असंही नियमात होतं. ते वाक्य कुणी मोठ्याने म्हणत नसे.

आणखी एक गोष्ट होती, तिच्याबद्दल तर कुणी चकार शब्द काढत नसे. मन मिसळतं म्हटल्यावर मागच्याचं मरणही खऱ्याला आठवतं. पथकातला प्रत्येक जण आपल्याच सोबत्याच्या हातून मेलेला होता आणि ते त्याला चांगलं आठवत होतं. ताईला दोनदा पथकाची गाडी चालवणाऱ्या ड्रायव्हरकाकांनी पाडलं होतं. घण येताना दिसतो, कवटी आतून वाजते, तोंडात लोखंडाची चव येते. त्यानंतर महिनाभर काका तिच्यासाठी न सांगता चहा आणायचे, समोर ठेवायचे आणि पाठ फिरवून उभे राहायचे. ती तो निमूटपणे प्यायची. पथकात माफी मागायची आणि माफ करायची हीच रीत होती.

बारक्या पथकात आला तो ताईच्या मनाविरुद्ध. तिने थयथयाट केला, दोन ठेवून दिल्या. "नाही लागलं," तो म्हणाला आणि भरती झाला. नात्यातल्यांनी जोडी लावू नये असा नियम होता, पण ताई मुकादमाच्या खनपटीला बसली. "त्याला शिक्का मी मारणार. दुसऱ्या कुणाचा हात हलका पडला तर?" मुकादम तिच्या हाताला ओळखून होता. त्याने मान डोलावली.

त्या दिवशी बारक्या कामावर आला तो तोंडात कापसाचा बोळा घेऊन. डावीकडची दाढ किडलेली, गाल फुगून भोपळा झालेला. दातांच्या डॉक्टरने सकाळी सुई टोचून ती उपटली होती. गाल इतका बधिर, की बेट्याला त्याचंच अप्रूप. गाडीत बसल्या बसल्या म्हणाला, "मुकादम, काढा चिमटा. काढा ना, लाजता काय?" मुकादमाने नखं रुतवून चिमटा काढला, तर हा हसतोय, आणि चहा ओठांच्या कोपऱ्यातून गळून सदऱ्यावर. "नाही लागलं," म्हणाला आणि ताईकडे बघून डोळा मारला. सगळी गाडी खदखदून हसली. ताईने पदराने त्याची हनुवटी पुसली आणि वर टपली मारली.

दुपारपर्यंत सुईचा अंमल उतरला आणि हसू पळालं. बारक्या गाल धरून कोपऱ्यात बसला. तेवढ्यात वर्दी आली. वस्तीतल्या एका लाँड्रीत भोवरा सुटला होता. खाली दुकान, वर राहती घरं. पोहोचले तेव्हा दुकानदार रस्त्यावर बसून थरथरत होता. इस्त्री दोन झाली म्हणाला, आधी इस्त्री. वरची माणसं जिन्याने धावत होती. सगळ्यात वरच्या मजल्यावर एक म्हातारा अंथरुणाला खिळलेला होता, त्याला पाठुंगळी आणायला ड्रायव्हरकाका वर गेले. आतून काचा फुटल्याचे आवाज येत होते आणि दुकानाची पाटी आपल्याच जोडीवर आपटत होती.

पाळी बारक्याची होती. उंबरठ्यावर त्याने घण खांद्यावर टाकला आणि गाल पुढे केला. मग हळूच म्हणाला, "ताई, जपून गं. जीव जातोय."

आयुष्यात पहिल्यांदा तो असं म्हणाला. ताईचा उगारलेला हात वरच राहिला. तिने गाल बघितला. तांबडालाल, टम्म, चकाकणारा. इतकी वर्षं तिची नजर सुजेवर बसलेली. सूज दिसली की माणूस आपला, एवढंच डोक्यात पक्कं, आणि सूज तर समोर होती. आधीच सुजलंय, वर आणखी कशाला मारा, असं तिच्या मनात आलं. तिने नुसता तळवा टेकवला आणि म्हणाली, "जा."

इथे ताई चुकली. शिक्का सुजेचा नव्हता, ताजेपणाचा होता, हे तिच्याइतकं कुणाला ठाऊक होतं? पण मायेने भल्याभल्यांची मती फिरते, आणि ज्या हाताने कधी कुणाची गय केली नाही त्या हाताने नेमकी नको तिथे केली.

बारक्या आत घुसला. फुटलेल्या दारातून ताईला सगळं दिसत होतं. इस्त्रीच्या टेबलावर दोन इस्त्र्या, एक गार, एक सकाळची, तापून लाल. त्याने तापलेलीवर घण घातला. ठिणग्या उडाल्या, हवेचा आवाज बदलला. जोर ओसरला म्हणून ती सुस्कारा टाकते तोच कपड्यांच्या ढिगाऱ्यामागून बारक्या उठला. दुसरा बारक्या. त्याने पहिल्याच्या पाठीत कपडे वाळवायचा लोखंडी दांडा घातला.

मग जे झालं ते बघवत नव्हतं. एकाच अंगाची, एकाच ताकदीची दोन माणसं, कोण कुणाला आटपणार? एकाने ओली चादर पिळून दुसऱ्याच्या गळ्याभोवती आवळली. दुसऱ्याने त्याची बोटं मागे वाकवून कडाकडा मोडली. धुलाई यंत्राच्या काचेत एकाचं डोकं गेलं, काच फुटली. मग त्याने त्याच काचेचा तुकडा उचलून समोरच्याच्या दंडाची कातडी सोलली. दोघंही रक्ताने माखले, दोघांचे सदरे फाटून चिंध्या झाले. कोण कुठला हे ताईच्या लक्षात राहीना. आणि मग एकमेकांना ओढत, लाथाडत दोघं उंबरठ्याशी आले.

"ताई," एक म्हणाला.

"ताई," दुसराही म्हणाला.

ताईने घण उचलला आणि सवयीने डावा गाल बघितला. याचा सुजलेला. त्याचा बघितला, त्याचाही सुजलेला. मागचा सकाळचा होता, आणि सकाळी गाल असाच भोपळा होता.

"शिक्का बघ आणि मार," मागून मुकादम म्हणाला.

"शिक्का मारलाच नाही मी."

वरच्या मजल्याची भिंत कडकडली, विटा रस्त्यावर कोसळल्या. ड्रायव्हरकाका म्हाताऱ्याला घेऊन अजून उतरले नव्हते. मुकादमाने आपला घण उचलला. "मग दोघांनाही, ताई. तू बाजूला हो. तुला नाही जमायचं."

"थांबा."

"वर माणसं आहेत."

"थांबा म्हटलं ना."

काय विचारायचं? दोघांना सगळंच आठवत होतं. तिला मुकादमाची नखं आठवली. गाडीतलं हसू, सदऱ्यावर गळलेला चहा आठवला. सकाळी गाल बधिर होता, दुपारी ठणकत होता. तिने घण डाव्या हातात घेतला आणि उजवा हात मोकळा केला. मुकादमाला वाटलं बाईला वेड लागलं. तिने पहिल्याच्या डाव्या गालावर, नेमकी दाढ उपटलेल्या जागी, खाणीतला सगळा जोर लावून थोबाडीत दिली. लगेच दुसऱ्यालाही, तितक्याच जोराने. दोघांच्याही तोंडातून रक्ताच्या गुठळ्या उडाल्या.

"नाही लागलं," पहिला म्हणाला.

"नाही लागलं," दुसराही म्हणाला.

खोड म्हणतात ती ही. मरणाच्या दारातही जात नाही. पण जिभेला काय, ती काहीही बोलेल. ताई डोळे बघत होती. पहिल्याचा डोळा कोरडा ठक्क. दुसऱ्याचा डावा डोळा भरला, पापणीवरून ओघळला आणि रक्तातून वाट काढत हनुवटीवर आला.

पहिला तिच्याकडेच बघत होता. लहानपणी ताप आला की बघायचा तसा. तिने दोन्ही हातांनी घण धरला. पहिला घाव खांद्यावर बसला आणि हाड मोडल्याचा आवाज तिला तळव्यात जाणवला. तो खाली बसला, पळाला नाही. दुसरा घाव डोक्यावर बसला. तो आतल्या बाजूला कलंडला, भोवऱ्याने त्याला पायांकडून ओढून नेला आणि खोली एकदम शांत झाली. एक इस्त्री उरली, एक दार उरलं. ड्रायव्हरकाका म्हाताऱ्याला पाठीवर घेऊन जिन्यातून बाहेर आले. ताईने राहिलेल्याला बखोटीला धरून रस्त्यावर ओढला आणि मग तिथेच भिंतीला टेकून ओकली.

भाऊ वाचला म्हणून तिने आनंदायला हवं होतं. झालं उलटंच. बारक्याच्या मोडक्या बोटांना प्लास्टर लागलं, दंडाला टाके पडले, तो घरी आला आणि गप्प झाला. ताई फळीवरचा डबा काढायला हात वर करायची, की हा खुर्चीसकट मागे सरकायचा. मग ओशाळून पुन्हा पुढे यायचा. तिला सगळं समजत होतं. आपल्या भावाने आपला चेहरा घणाखालून बघितलाय, हे ती कुणाला सांगणार? रीतीप्रमाणे ती त्याच्यासमोर चहा ठेवायची आणि पाठ फिरवून उभी राहायची. तो प्यायचा नाही. चहा गार व्हायचा. शिंपी बिचारा दोघांकडे बघत यंत्र चालवायचा आणि दोरा तुटला नसला तरी तोडून पुन्हा ओवायचा.

एका दुपारी तिने असाच चहा ठेवला आणि पाठ केली, तेव्हा मागून तो बोलला.

"ताई, त्याला कळलं होतं."

ती वळली नाही. "काय कळलं होतं?"

"थोबाडीत बसली आणि त्याला कळलं. गाल बधिर आहे म्हणजे आपणच सकाळचे. तू डोळ्यात बघतेयस हेही कळलं. डोळ्यात बोट घालून पाणी काढता आलं असतं. हात मोकळा होता त्याचा."

"मग काढलं का नाही?"

"काढणार होता," बारक्या म्हणाला. "मग त्याच्या मनात आलं, तू चुकलीस तर दोघंही जातील आणि ताई एकटी पडेल. म्हणून डोळा तसाच उघडा ठेवला. तुला नीट दिसावा म्हणून."

ताई ओट्याला धरून उभी राहिली. खाणीत पाय दगडाखाली सापडला तेव्हाही न रडलेली बाई, ती तोंडात पदर कोंबून रडली. शिंप्याचं यंत्र थांबलं. बारक्याने कप उचलला आणि गार चहा एका घोटात पिऊन टाकला.

हात बरा झाला आणि तो पुन्हा कामावर आला. मुकादमाने जोडी बदलायची म्हटलं, त्याने ऐकलं नाही. "ताईच्याच हातचा शिक्का घेईन, नाहीतर घरी बसेन." पुढची वर्दी एका छापखान्याची होती. दाराशी दोघं उभे राहिले. आत कागद घिरट्या घालत होते, यंत्रं एकमेकांवर आदळत होती. त्याने गाल पुढे केला. ताईचा हात वर गेला आणि थांबला.

"मार."

"नाही होत रे."

"ताई, मार. यावेळी तरी कुचराई करू नकोस."

तिने मारली. ओठ दातांत आवळून अशी मारली, की तो दाराच्या चौकटीवर आदळला, ओठ फाटला आणि कानात आवाज घुमला. पाचही बोटं गालावर उठली, सूज डोळ्यांदेखत चढायला लागली. त्याने सावरून रक्त थुंकलं. दोन्ही डोळे भरून आले होते. ताई वाट बघत राहिली, लहानपणापासून ऐकलेल्या त्याच दोन शब्दांची.

"लागलं," बारक्या म्हणाला, आणि घण उचलून आत गेला.